कर्ता कुठी आहे?

मेश्राम सरांबद्दल चांगलं बोलायचं अशी आमच्या कॉलेजात आता पद्धत पडली आहे. निवृत्त झाले, गावातून गेले, म्हणून थोर. मी त्यांच्या शेजारच्या टेबलावर अठरा वर्षं बसले. थोर होते की नव्हते, मला ठाऊक नाही. कठोर होते हे मी कुणाच्याही तोंडावर सांगेन, आणि कठोर हा शब्दही मी सौम्य करून वापरते आहे.

कुरखेड्याला ते मराठी शिकवायचे आणि मी भूगोल. सडसडीत अंग, अर्ध्या बाह्यांचा पांढरा शर्ट, खिशात एकच पेन, तेही लाल. निळं लागलं की माझ्या टेबलावरचं न विचारता उचलायचे. "निळ्यानं कोणीही लिहिते मॅडम," म्हणायचे, आणि माझंच पेन मला उपकार केल्यासारखं परत द्यायचे. मुलांच्या वह्यांत ते चुकीवर काट मारत नसत. वाक्याच्या आधी एक रिकामा गोल काढत. मुलं त्याला अंडं म्हणायची. "आज सरांनी तीन अंडी देल्ली" असं व्हरांड्यात ऐकू आलं की समजायचं, मराठीचा तास सुटला.

त्या गोलाचा अर्थ एकच, कर्ता कुठी आहे?

एखादा पोरगा उभा राहून सांगे, "सर, काच फुटली."

"कर्ता कुठी आहे?"

"सर... काच."

"काच आपली आपण फुटली? तिले जगायचा कंटाळा आला होता का?"

वर्ग हसायचा, पोरगा रडकुंडीला यायचा. सर तसेच उभे. "व्याकरणातला कर्ता नको मले. ज्यानं केलं तो सांग." शेवटी पोरगा पुटपुटायचा, "मी फोडली." की लगेच, "बस खाली. आता वाक्य झालं." काच फोडल्याची शिक्षा त्यांनी कुणाला केल्याचं मला आठवत नाही. 'फुटली' म्हटल्याबद्दल मात्र पोरं अख्खा तास उभी राहिलेली मी पाहिली आहेत.

त्यांचं घर ऊर्जानगरला. वडील तिथल्या वीज केंद्रात राखेच्या कामावर मजूर होते आणि बायको तिथेच शाळेत शिक्षिका. सर शनिवारी एसटीने जायचे, सोमवारी पहाटेच्या गाडीने यायचे. एकदा दुपारी स्टाफरूममध्ये बायकोचा फोन आला. सर ऐकत होते, ऐकत होते, आणि एकदम म्हणाले, "दूध उतू गेलं नाई, तू जाऊ देल्लं. तसं म्हण." पलीकडून फोन बंद झाला.

मी म्हटलं, "सर, घरी तरी दुधाला जाऊ द्या की हो."

"तिथूनच सुरू होते मॅडम. आज दूध जाते, उद्या माणूस जाते."

मी तेव्हा हसले होते. वरोऱ्याची मी, कापूस-सोयाबीनच्या बाजारपेठेत वाढलेली. आमच्याकडे माणूस मेला की मेला म्हणतात. कुरखेड्याला आले तेव्हा पहिल्यांदा ऐकलं की इथे, आणि इथून आतल्या गावांत तर जास्तच, माणूस 'जातो'. कुणाचा भाऊ गेला, कुणाचा सासरा गेला. कशाने, कुणी, ते वाक्यात नसतं. "त्याले नेलं." "मंग झालं ते झालं." जंगलातल्या माणसाच्या दोन्ही बाजूंना बंदूक असते. दोन्हीकडचे लोक त्याच्याच अंगणात पाणी मागतात आणि दोन्हीकडचे विचारतात, काल कोण आलं होतं? अशा माणसाने वाक्यातून कर्ता काढून टाकला तर त्याला दोष कोण देणार? मेश्राम सर देत होते. त्यांना ती सवय भेकडपणाची वाटे, आणि भेकडपणाची त्यांना उलटी यावी इतकी किळस होती.

वादविवादाचा संघ त्यांच्याकडे आणि घंटी माझ्याकडे. भाषण पाच मिनिटांचं. चार मिनिटांना एक टोला, पाचला दोन, की संपलं. "बोलणं माह्याकडे, वेळ तुमच्याकडे," ते म्हणायचे. दरवर्षी विषय फिरून फिरून तोच येई. दहशतवादाचं काय करायचं? फौज पाठवायची की बोलणी करायची? बाजू ठरवायला ते डब्याच्या झाकणात चिठ्ठ्या टाकत, आणि ज्याला जी बाजू मनापासून आवडे त्याला मुद्दाम दुसरी देत. फौजेच्या बाजूने बोलणाऱ्याला विचारत, "पाठवली. परत कधी बोलवायची? तारीख सांग." बोलणीवाल्याला विचारत, "टेबलाच्या त्या बाजूच्या खुर्चीत कोण बसून राह्यला? त्याच्या हातावर कोणाचं रक्त आहे? ते पुसून बसवता की तसंच?" पोरं घामाघूम होत.

मोठ्यांनाही सोडत नसत. एकदा दूर कुठल्या तरी देशात बाजारात स्फोट झाला होता, त्याची बातमी वाचून आमचे प्राचार्य म्हणाले, "एकदा विमानं पाठवा आणि सगळं साफ करून टाका. किस्सा खतम."

सरांनी वहीतून डोकं वर केलं नाही. "कर्म कोणतं साहेब?"

"म्हणजे?"

"साफ कोणाले करता? कर्ता सांगितला तुम्ही, विमान. क्रियापद सांगितलं. ज्याच्यावर पडते त्याचं नाव बी पायजे ना वाक्यात. बाई असंन, लेकरू असंन."

प्राचार्यांनी चहाचा कप उचलला आणि आपल्या खोलीत गेले. मला त्या दिवशी सर फार आवडले होते.

दुसऱ्यांदा आवडले तो दिवस मला आजही नीट सांगता येत नाही. सराव चालू होता. एक मुलगा फौजेच्या बाजूने तावातावाने बोलत होता, आणि बोलता बोलता म्हणाला, "या लोकांनी सगळ्या जगाला वेठीस धरलं आहे." बोलताना त्याने माझ्याकडे पाहिलं. घंटीवर हात ठेवून बसलेल्या शेख मॅडमकडे. मुद्दाम पाहिलं असंही नाही, नजर आपसूक आली. मी खाली घड्याळाकडे पाहू लागले. अशा वेळी मी घड्याळाकडेच पाहते.

"थांब," सर म्हणाले. "कर्ता कोणता?"

"या लोकांनी, सर."

"किती लोक? नावं सांग. नाई येत? तुह्या गल्लीतल्या एकानं कोंबडी चोरली तर 'कुरखेड्यानं कोंबडी चोरली' म्हणशीन का? मी बी चोर? तुही आई बी? एकवचनाचं अनेकवचन करणं म्हणजे खोटी साक्ष आहे. कर्ता गाळणारा भेकड असते, आणि कर्ता फुगवणारा बदमाश." मग सर माझ्याकडे वळले. "आणि शेख मॅडम, तुम्ही मान काऊन खाली घातली? तुम्ही केलं का? नाई ना केलं? मंग वर पाहा."

साठ मुलांसमोर! मी वर पाहिलं. आठवडाभर मी त्यांच्याशी बोलले नाही. पण खरं सांगते, इतक्या वर्षांत कुणी माझ्या बाजूने इतकं सरळ बोललं नव्हतं. अपमान आणि उपकार त्यांनी एकाच दमात केला, आणि त्या उपकाराचं ओझं मी पुढे भलत्या ठिकाणी उतरवलं.

रजनी हलामी अकरावीत आली ती वसतिगृहातली मुलगी. बारीक, काळीसावळी, बोलताना ओढणीचं टोक बोटाला गुंडाळायची. पहिल्याच तासाला सरांनी सगळ्यांना आपापली ओळख सांगायला लावली. माझा तास पुढचा होता, मी दारात उभी. रजनी उठली. गाव सांगितलं, आतल्या भागातलं. मग म्हणाली, "आई आहे. बाप गेला, सर."

"कुठी गेला? बाजारात?"

या वेळी कुणी हसलं नाही. आमच्या मुलांना तेवढं कळतं.

"नाई सर. मेला."

"तापानं?"

"मारला."

"कोणी?"

ओढणीचं टोक बोटावरून सुटलं. सर फळ्याकडे वळले आणि वाक्य लिहिलं, 'बाप गेला.' "यात कर्ता कोण? बाप. म्हणजे बाप आपल्या पायानं गेला, आपल्या मर्जीनं गेला, मारणाऱ्याचा काही संबंध नाई. असं सांगून राह्यली तू सगळ्याईले." मग वाक्याच्या आधी एक मोठा गोल काढला. "हा भरून आणशीन त्या दिवशी बोलू."

मी मधल्या सुट्टीत त्यांना सोडलं नाही. "माणूस आहात की कोण आहात हो तुम्ही? लेकरू आहे ते!" ते भाकरीबरोबर जवसाची चटणी खात होते. म्हणाले, "लेकरू आहे म्हणून. उद्या बाई होईन, मंग नाई बोलणार."

चौथ्या दिवशी रजनी आपण होऊन त्यांच्याकडे गेली. "मले बोलायले शिकवा," म्हणाली. मी तिला नंतर विचारलं, अगं, इतकं बोलले ते तुला, आणि तू त्यांच्याकडेच? ती म्हणाली, "बाई, सगळे अरेरे म्हणतात. 'कोणी' असं कोणीच नाई विचारलं मले आजवर."

गोल तिने मला सांगून भरला, त्यांना नंतर. बाप गावचा पोलीस पाटील. ती नऊ वर्षांची. संध्याकाळी जेवायला बसले होते. अंगणातून ओळखीचा आवाज आला, "काका, जरा बाहेर या." आवाज शेजारच्याच घरातल्या मुलाचा. दोन वर्षांपूर्वी तो जंगलात गेला होता, आतल्यांबरोबर; नक्षलवाद्यांना इथे तसंच म्हणतात. लहानपणी याच ताटात जेवलेला. बाप ताट तसंच ठेवून उठला. सकाळी गावाबाहेर मिळाला. आईने तिला शपथ घातली होती की त्या मुलाचं नाव कधी तोंडातून काढायचं नाही. तिने मला ते नाव सांगितलं. मी ते इथे लिहिणार नाही. एकदा घेतलं गेलं तेवढं पुरे झालं.

बारावीत असताना तिचा संघ विभागीय फेरीला गेला, वरोऱ्याला, माझ्या माहेरी. विषय होता, 'आंतरराष्ट्रीय दहशतवादाचा बीमोड लष्करी कारवाईनेच शक्य आहे.' रजनी विरोधात, म्हणजे बोलणीच्या, माफीच्या, परतीची वाट उघडी ठेवण्याच्या बाजूने. झाकणातली चिठ्ठी सरांनीच तिच्या हाती दिली होती, आणि ती चिठ्ठी योगायोगाने निघाली यावर माझा आजही विश्वास नाही. फेरी जिंकली; आता अंतिम फेरी चंद्रपूरला होती. परत निघताना कापूस बाजाराजवळच्या टपरीवर आम्ही चहाला थांबलो. चहावाल्याने कप पुढे केला, आणि रजनीने तो घेतला तसाच माझ्या हातात दिला. मग ती टपरीकडे पाठ करून उभी राहिली.

एसटीत बसल्यावर तिने सांगितलं. तो चहावाला तोच होता, अंगणातून बापाला हाक मारणारा. शरण आला होता म्हणे, सरकारने सोडला होता, आणि आता दुसऱ्या नावाने तिथे राहत होता, कारण आतले त्याला गद्दार म्हणून शोधत होते. गावात एवढं सगळ्यांना माहीत होतं. कुठे राहतो, हे कुणालाच माहीत नव्हतं. आता तिला होतं.

"त्यानं मले नाई ओळखलं, बाई. मांडीवर लेकरू होतं त्याच्या. माह्या कपात त्यानं साखर जास्त टाकली, लहान आहे म्हणून." मग पुढच्या सीटवरच्या सरांना ऐकू जाईल असं म्हणाली, "सर, मले राग यायले पायजे होता. नाई आला. वाटलं, विकू दे चहा."

सर वळले. मला वाटलं, आता हा माणूस पोरीच्या डोक्यावर हात ठेवेल. त्यांनी खिशातलं लाल पेन काढलं.

"हेच," म्हणाले. "हेच बोलायचं चंद्रपूरले."

पुढचे तीन आठवडे मी घंटी घेऊन तो सराव पाहिला. भाषण असं झालं होतं की अंगावर काटा यावा. फक्त एका जागी येऊन रजनी म्हणे, "तो माणूस," आणि सर टेबलावर पेन आपटत. "कर्ता!"

"सर, नाव नाई घेत. नाव बाहेर पडलं तर त्याले मारतीन. लेकरू आहे त्याले."

"चंद्रपूरच्या हॉलमधी कोण येऊन बसते? चाळीस मास्तर आणि त्याईची पोरं. नावाशिवाय ते गोष्ट होते, रजनी. परीक्षक रोज गोष्टी ऐकतात. नाव घेतलं की ती साक्ष होते. तू बापासाठी नाई बोलणार, मंग कोण बोलंन?"

ती मान खाली घालून उभी. मी म्हटलं, "सर, 'एक माणूस' म्हटलं तरी चालतं की. मुद्दा तोच राहतो."

त्यांनी माझ्याकडे थंडपणे पाहिलं. "त्या दिवशी 'हे लोक' म्हटलेलं तुम्हाले चालत नव्हतं मॅडम. आज 'एक माणूस' चालते?"

याच माणसाने मला वर पाहायला लावलं होतं, आणि आता त्याचा मोबदला असा वसूल केला. रजनी माझ्याकडे पाहत होती. मी घड्याळाकडे पाहत होते.

चंद्रपूरच्या अंतिम फेरीत आयोजकांचा घंटीवाला आला नाही. "कुणी तरी मॅडम बसा हो," म्हणून विचारणा झाली, तर सरांनीच माझं नाव पुढे केलं. "चौदा वर्षांची सवय आहे. घंटीले काही बाजू नसते," म्हणाले. लोक हसले. मी परीक्षकांच्या कडेला जाऊन बसले.

रजनी सातवी. निळा कुर्ता, केस घट्ट बांधलेले. सुरुवात शांत केली. मोठमोठ्या देशांनी दूरच्या डोंगरांत वर्षानुवर्षं फौजा ठेवल्या आणि शेवटी ज्यांना मारायला गेले होते त्यांच्याशीच टेबलावर बसले, हे सांगितलं. बंदूक माणूस मारू शकते, पण माणूस बदलायची वाट पाहणं तिला जमत नाही, म्हणाली. चार मिनिटांचा टोला मी दिला. मग ती बापावर आली. ताट, अंगण, "काका, जरा बाहेर या." सभागृहात कुणी खोकलंसुद्धा नाही. "ज्याने माझ्या बापाला बाहेर बोलावलं, तो आज चहा विकतो. आणि मी त्याची मुलगी... मी पाटलाची मुलगी म्हणते, त्याला विकू द्या. यापेक्षा मोठा पराभव दहशतवादाचा कोणती फौज करेल?"

इथे संपलं होतं. खरं तर इथेच सगळं संपलं होतं. माझ्या घड्याळात पाच मिनिटं पुरी झाली. दोन टोले, की ती नमस्कार करून खाली. तिनेही माझ्याकडे पाहिलं. ती घंटीची वाट पाहत होती, हे मला तेव्हाही कळलं, नंतर कळलं असं मी म्हणणार नाही. दुसऱ्या रांगेत सर बसले होते. त्यांचे ओठ हलले. आवाज नव्हता, पण तो शब्द मी चौदा वर्षं ऐकत होते.

मी हात थांबवला. दहा सेकंद गेले, बारा गेले. गेले कसले, मी जाऊ दिले.

रजनीने नाव घेतलं. खरं नाव, मग गाव, मग वरोरा, कापूस बाजाराजवळची टपरी. ती म्हणाली तेव्हा तिचा आवाज तिचा नव्हता, सरांचा होता. मग मी दोन टोले दिले आणि टाळ्या सुरू झाल्या.

पहिलं बक्षीस मिळालं. ढाल प्राचार्यांच्या खोलीत काचेच्या कपाटात अजून आहे. भाषण कुणीतरी मोबाइलवर घेतलं होतं. आम्ही कुरखेड्याला पोचायच्या आत ते कॉलेजच्या ग्रुपवर आलं होतं, 'आपल्या जिल्ह्याची वाघीण, पुढे पाठवा.' सगळ्यांनी पाठवलं. मीही माझ्या बहिणीला पाठवलं. सर रात्री फोनवर मला म्हणाले, "वाक्य पूर्ण झालं मॅडम." इतका आनंदी आवाज मी त्यांचा ऐकला नव्हता.

होळीला मी माहेरी गेले. दुसऱ्या दिवशी सकाळी पाय आपोआप कापूस बाजाराकडे वळले. टपरी बंद होती. मागच्या खोलीच्या दारात त्याची बायको बसली होती, लेकरू तिच्या पाठीवर. मी म्हटलं, चहा नाही का आज? ती म्हणाली, "नाई बाई. तो गेला."

"कुठे गेला?"

"आठ दिवस झाले, दोघंजण आले होते सकाळीच. 'भाऊ, जरा बाहेर या' म्हणे. दूध चढवलं होतं त्यानं. मले म्हणे, पाहा जराकसं." तिने पाठीवरचं लेकरू सावरलं. "उतू गेलं दूध. तो नाई आला."

"कोण होते ते दोघे?"

तिने मला पायापासून डोक्यापर्यंत पाहिलं आणि पोराला पाठीवरून काढून पुढे घेतलं. "पोलिसांनी लिहून घेतलं आहे, बेपत्ता म्हणून. तुम्ही कोण होय बाई?" मी कोण ते मला सांगता आलं नाही. आजवर त्याचा पत्ता नाही, प्रेतही नाही. त्याला कुणी नेलं, ते भाषण ऐकून नेलं की आधीच माग काढला होता, कुणालाच माहीत नाही. मी फक्त एवढं जाणते की त्या खोलीचा पत्ता आम्ही टाळ्या घेऊन सांगितला होता.

सोमवारी स्टाफरूममध्ये मी सरांना सगळं सांगितलं. ते पेपर तपासत होते.

"कोणी नेलं?" त्यांनी विचारलं.

"ठाऊक नाही."

"मंग वाक्य अपुरं आहे मॅडम. अपुऱ्या वाक्यावर काय बोलायचं?"

मला वाटलं, समोरचा चहाचा कप उचलावा आणि त्या पांढऱ्या शर्टावर फेकावा. "गोल मी भरू का, सर?" मी विचारलं. त्यांनी लाल पेनाचं टोपण लावलं. "तास आहे माहा," म्हणाले आणि निघून गेले. मी भिंतीवरचं वेळापत्रक पाहिलं. त्यांचा तास नव्हता.

रजनीला मी सांगितलं. दुसऱ्या कुणाकडून कळण्यापेक्षा बरं, म्हणून. तिने रडणं-ओरडणं काही केलं नाही. ओढणीचं टोक बोटाला गुंडाळत विचारलं, "सर काय म्हणाले?"

"त्यांना फार वाईट वाटलं," मी खोटं बोलले.

"असं म्हणाले?"

मी घड्याळाकडे पाहिलं. ती उठून गेली. त्यानंतर ती व्यासपीठावर कधी चढली नाही. बारावी करून नर्सिंगला गेली. सरांनी तिला कधी बोलावलं नाही, ती कधी आली नाही. एक बदल मात्र झाला, माझ्याशिवाय तो कुणाच्या ध्यानात आला नाही. सरांनी गोल काढणं बंद केलं. मुलं 'काच फुटली' म्हणत आणि ते म्हणत, "बरं." पोरं म्हणायची, सर आता किती चांगले झाले.

चार वर्षांनी त्यांचा निरोप समारंभ झाला. हार, शाल, समोसे, जुने विद्यार्थी. प्राचार्यांना विनोदाची हौस. त्यांनी घंटी माझ्यासमोर ठेवली. "सरांनी जन्मभर दुसऱ्यांना पाच मिनिटांत गुंडाळलं. आज सरांना पाच मिनिटं!" सगळे हसले. सर उभे राहिले. कॉलर मोठी झाली होती त्यांना, मान त्यात हलत होती. आभार मानले. कुरखेड्याच्या तांदळाचं कौतुक केलं. मग थांबले आणि म्हणाले, "या नोकरीत माझ्याकडून एक चूक झाली. एका मुलीच्या बाबतीत झाली."

मागच्या रांगेतून कुणीतरी उभं राहिलं. रजनी. ती आली आहे हे मला माहीतच नव्हतं.

"सर," ती म्हणाली, "कर्ता कुठी आहे?"

सभागृह खळखळून हसलं. सरांचाच जुना प्रश्न सरांना! टाळ्या पडल्या. सर हसले नाहीत. माइक त्यांनी दोन्ही हातांनी धरला. हसणं ओसरलं तरी रजनी उभीच होती. तिला एवढंच हवं होतं, एक वाक्य, पूर्ण. चार वर्षं ती त्यासाठी थांबली असावी.

सरांनी माझ्याकडे पाहिलं. मग त्यांचे ओठ मिटले, 'म' काढायला मिटतात तसे. पुढे 'मी' येणार होतं, की 'मॅडम' येणार होतं, की पुन्हा 'माझ्याकडून' येणार होतं, देवच जाणे.

घंटी वाजली. दोन टोले. लोक पुन्हा हसले, प्राचार्य टाळ्या वाजवत उठले, आणि सर मान हलवून खाली बसले. बसताना त्यांनी माझ्याकडे पाहिलं, आणि त्या पाहण्यात आभार होते. माझे आभार त्यांनी तेवढे एकदाच मानले. रजनीने पिशवी उचलली आणि ती दारातून बाहेर गेली.

माझ्या घड्याळात अजून दोन मिनिटं बाकी होती. घंटी वाजली, असं मी वर लिहिलं आहे. ते खोडते. घंटी मी वाजवली.